सबसिडी व्याजासकट परत मागतायत, हायकोर्टात जावं का?

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीत आमचं टेरी टॉवेलचं छोटं युनिट आहे, राज्य सरकारच्या उद्योगांसाठीच्या सामूहिक प्रोत्साहन योजनेतून सबसिडी मिळालेली, आता अचानक पत्र आलंय की अट मोडली, व्याजासकट पैसे भरा. लूम बँकेकडं तारण, पगार तोंडावर. दोन रात्री डोळ्याला डोळा नाही ओ.

» दादा, आधी पत्र नीट बघा. नुसती कारणे दाखवा नोटीस असेल तर मुदतीत लेखी उत्तर द्या न् पोच घ्या, तिथं कोर्ट सहसा मधे पडत नाही. ऐकून न घेताच वसुलीचा आदेश काढला असेल तर मात्र राज्यघटनेच्या कलम 226 खाली रिट, म्हणजे सरकारी आदेशाविरुद्ध थेट हायकोर्टात याचिका, करता येते, आणि मुंबई गाठायला नको, 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच (तिथं बसणारं खंडपीठ) सुरू झालंय, सोलापूर त्यातच येतं.

» वकिलांना मोतीलाल पदमपत शुगर मिल्सचा 1979 चा निकाल विचारा. करमाफीच्या सरकारी शब्दावर विसंबून कारखाना काढला न् सरकारनं शब्द फिरवला, सुप्रीम कोर्टानं ते चालू दिलं नाही. पण मुदतीआधी मशिनरी विकली असेल तर हे टिकणार नाही, स्पष्टच सांगतो.

» एकपण लूम विकला नाही. करोनात कामगार गावाकडं गेले तेवढंच. त्या वर्षाची पीएफची चलनं, लाइटबिलं सगळी काढून ठेवलीत. पत्रात सुनावणीचा शब्दसुद्धा नाही.

» मग उशीर करू नका. वसुलीला स्थगिती देताना कोर्ट थोडी रक्कम भरायला लावू शकतात, तेवढी सोय बघून ठेवा.