गट योजनेतील चुका आणि उच्च न्यायालयाची ‘वाजवी मुदत’

बांधकरी : काल या धाग्यावर एका सदस्याने लिहिले की, एकत्रीकरण योजनेतील (म्हणजे विखुरलेल्या जमिनी एकत्र करून गट पाडण्याच्या योजनेतील) चूक भूमी अभिलेख खात्याने सुधारली की उच्च न्यायालय ‘उशीर झाला’ म्हणून आदेश रद्द करते, तेव्हा न्यायालयांनी या विषयातून अंग काढून घ्यावे. हे वाचून गप्प बसवले नाही. 1947 च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्यातील कलम 31अ लेखनाच्या व हिशेबाच्या चुकांपुरते आहे. त्यापलीकडची दुरुस्ती कलम 32 खाली, मसुदा प्रसिद्ध करून आणि हरकती ऐकूनच करावी लागते. प्रत्यक्षात योजना सत्तरच्या दशकातली, नंतर दोन खरेदीखते झालेली, विहीर खोदलेली, सोसायटीचा बोजा चढलेला, आणि एके दिवशी शेजाऱ्याच्या अर्जावर वीस गुंठे ‘लेखनप्रमाद’ म्हणून इकडचे तिकडे! कलम 32 चा अधिकार वाजवी मुदतीत, साधारण तीन वर्षांत वापरावा, असे मुंबई उच्च न्यायालयाने 2001 मध्ये म्हटले ते याचसाठी. महसुली फेरतपासणीबाबत सर्वोच्च न्यायालयानेही 1969 मध्येच, गुजरातच्या प्रकरणात, वाजवी मुदतीचे तत्त्व सांगितले होते.

कोरडवाहू : निकाल आम्हीही वाचतो. योजनेच्या वेळी माझे वडील मुंबईत गिरणीत होते. वाटपासाठी नकला काढल्या तेव्हा कळले की त्यांच्या नावच्या जबाबावर अंगठा आहे. आणि आमचे वडील पगारपत्रकावर आयुष्यभर मोडीत सही करत आले. आता सांगा, तुमची तीन वर्षे कोठून मोजायची?

साखळीवाला : खात्यात नोकरी केली आहे म्हणून लिहितो. क्षेत्र चुकले, नकाशा चुकला की ताबाच बदलला, या तीन निरनिराळ्या तक्रारी आहेत आणि आपण दोघे त्यांची खिचडी करत आहात. जुन्या सर्व्हे नंबरांचे टिपण, म्हणजे मूळ मोजणीची मापे लिहिलेला कच्चा नकाशा, गटाच्या नकाशाशी जुळवून न पाहता नव्या यंत्राने मोजणी केली की फरक निघतो, आणि लगेच ‘योजना चुकली’ म्हणून अर्ज पडतो.

कोरडवाहू : मग खात्याने टिपण जुळवून पाहिले का नाही? एकाच गटाच्या दोन मोजण्या झाल्या, दोन्हींच्या ‘क’ प्रती (मोजणीनंतर मिळणारे हद्दीचे नकाशे) माझ्याकडे आहेत आणि दोन्हींत बांध वेगळ्या जागी आहे. चूक तुमची, हेलपाटे आमचे!

साखळीवाला : आवाज चढवून हद्द सरकत नाही. पहिली मोजणी मान्य नसेल तर निमताना मोजणी, म्हणजे वरिष्ठांकडून फेरमोजणी, मागायची असते. आपण मागितली होती काय?

कोरडवाहू : मागितली होती. त्या दिवशी ऊस उभा होता म्हणून मोजणीदार बांधावरूनच परत गेले. हेही आता माझ्याच खात्यावर मांडा.

गाऊनधारी : मोजणीवर धागा बराच वाहून गेला, म्हणून मूळ मुद्द्यावर येतो. राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 व 227 खाली उच्च न्यायालय बांध मोजत नाही. अधिकार होता काय, नोटीस दिली काय, ऐकून घेतले काय, एवढेच पाहते, आणि त्रुटी दिसली की बहुधा प्रकरण फेरचौकशीला परत पाठवते. दिवाणी न्यायालयाची वाट त्याच 1947 च्या कायद्याच्या कलम 36अ ने अडवलेली आहे. त्यामुळे माणूस ज्या कार्यालयातून निघाला तेथेच पुन्हा पोहोचतो. माझी तक्रार मुदतीपेक्षा या गोल फिरण्याबद्दल आहे.

बांधकरी : अंगठ्याच्या प्रकरणात मुदत फसवणूक उघड झाल्यापासून मोजावी, हे मला नाइलाजाने मान्य आहे. मात्र फसवणूक प्रत्येकाला नेमकी जमिनीचा भाव वाढल्यावरच ‘कळते’, याचे नवल वाटते. तोवर जमिनीच्या अदलाबदलीची 2023 ची सलोखा योजना आहेच : बारा वर्षांचा ताबा, एक हजार रुपये मुद्रांक शुल्क, एक हजार रुपये नोंदणी फी आणि दोघांची संमती.

कोरडवाहू : भाव वाढला म्हणून वडिलांना अंगठा फुटला नाही, साहेब. आणि सलोखा योजना एकमेकांच्या जमिनीचा ताबा असणाऱ्यांसाठी आहे. शेजाऱ्याचा एक गुंठाही माझ्याकडे नाही. मी अदलाबदल कशाची करू?