संयुक्त वनव्यवस्थापन समिती असताना सामूहिक वनहक्काचा दावा करावा का?

प्रश्न : कोयनाकाठ

नमस्कार. आमचे गाव पाटण तालुक्यात, कोयनेच्या खोऱ्यात आहे. वरच्या अंगाला राखीव वन आणि त्याखाली मालकीचे डोंगर अशी आमची शीव आहे. गावात संयुक्त वनव्यवस्थापन समिती, म्हणजे वनखाते आणि गावकरी यांनी मिळून वन राखण्यासाठीची समिती, आहे. सुरुवातीची काही वर्षे तिने रोपे लावली आणि चराईबंदीही पाळली. परंतु निधी थांबला तशा बैठकाही थांबल्या, आणि आता वणवा लागला की कोणी कोणाला बोलवायचे हेसुद्धा ठरलेले नसते. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली सामूहिक दावा करावा, असे तरुण मंडळी म्हणतात. तो कायदा आदिवासींसाठी आहे आणि आपल्या गावात एकही आदिवासी कुटुंब नाही, असे ज्येष्ठांचे म्हणणे आहे. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर : ग्रामसभा कार्यकर्ता

ज्येष्ठांचा समज अर्धाच बरोबर आहे. कायद्याने अनुसूचित जमातींबरोबर 'इतर पारंपरिक वननिवासी' यांनाही हक्क दिलेले आहेत. मात्र त्यांना १३ डिसेंबर २००५ पूर्वी किमान तीन पिढ्या, म्हणजे ७५ वर्षे, तेथील रहिवास आणि उपजीविकेसाठी वनावरील अवलंबन दाखवावे लागते. ही अट रहिवासाची आहे. तेवढी वर्षे वनजमीन कसत असल्याचा पुरावा तीत मागितलेला नाही. जुनी गॅझेटिअर, जनगणनेच्या नोंदी, भूमापनाचे नकाशे, वनविभागाच्याच जुन्या कार्य आयोजना (वनातील कामांचे आराखडे) आणि गावातील वृद्धांचे लेखी जबाब हे सारे पुरावे नियमांत मान्य आहेत. फक्त एकाहून अधिक पुरावे जोडावेत.

समिती आणि हक्क यांतला फरक मात्र नीट समजून घ्यावा. संयुक्त वनव्यवस्थापन १९९० च्या केंद्रीय परिपत्रकातून आले आणि आपल्या राज्याने १९९२ मध्ये त्याचा शासन निर्णय काढला. तेथे समितीला अधिकार मिळतो तो वनखात्याकडून, आणि तो खात्याच्या योजनेपुरताच राहतो. आपल्या समितीचे जे झाले ते मला म्हणूनच नवलाचे वाटत नाही, कारण निधी आटल्यावर तिच्या हाती काहीच उरले नव्हते. वनहक्क कायद्याच्या कलम ३(१) मधील तरतूद वेगळी आहे : गाव परंपरेने जे वन राखत आले, त्याचे संरक्षण, पुनरुज्जीवन आणि व्यवस्थापन करण्याचा हक्क त्या कायद्याने थेट ग्रामसभेला दिला आहे. अभयारण्य आणि राष्ट्रीय उद्यानातील जमीनही कायद्याच्या व्याख्येत येते. प्रथम ग्रामसभा बोलावून १० ते १५ सदस्यांची वनहक्क समिती निवडावी. तीत किमान एक तृतीयांश महिला हव्यात.

गडचिरोलीच्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर वनावर असा हक्क मिळाला. परंतु गाव एकत्र बसून निर्णय घेण्याची सवय त्यांनी त्याच्या कितीतरी आधी लावून घेतली होती, हे ध्यानात ठेवावे.

उत्तर : निवृत्त वनपाल

दावा अवश्य करा. परंतु तो ग्रामसभा, उपविभागीय समिती आणि जिल्हा समिती अशा तीन पायऱ्या चढून जातो आणि मध्ये काही उन्हाळे निघून जातात. वणव्याचे काम तोपर्यंत थांबवू नये, ही माझी कळकळीची विनंती आहे.

जाळल्याने गवत चांगले येते, ही समजूत आपल्या भागात फार खोल रुजली आहे. जळलेल्या डोंगरावर कोवळे कोंब लवकर दिसतात हे खरे. परंतु दरवर्षी जळणाऱ्या डोंगरावर पवन्या आणि मारवेल ही चाऱ्याची चांगली गवते मागे पडतात व कुसळी गवत माजते, आणि कुसळ धरल्यावर तिला जनावर तोंड लावत नाही. ऐन, जांभूळ, हिरडा यांची गुडघ्याएवढी रोपे तर एका वणव्यात संपतात. म्हणूनच अनेक डोंगरांवर जुनी झाडे उभी दिसतात आणि त्यांच्याखाली नवी पिढी दिसत नाही. डिसेंबर-जानेवारीत, गवत पुरते वाळण्याआधी, शिवेवर जाळरेषा, म्हणजे आग पुढे सरकू नये म्हणून गवत काढून मोकळा केलेला पट्टा, काढून घ्यावी. त्यासाठी वनरक्षकांना सोबत घ्यावे आणि कापलेले गवत पहाटे, वारा पडलेला असताना जाळावे. चराईसाठी डोंगराचे भाग पाडून एक भाग आळीपाळीने बंद ठेवावा. कोणता भाग केव्हा बंद, हे गुराख्यांना विचारून ठरवले तरच ते पाळले जाते.

प्रश्नकर्ता : कोयनाकाठ

आपणा दोघांचे आभार. जाळरेषेचे काम याच हंगामात घेऊ. मालकीच्या डोंगराला हा कायदा लागू होतो का?

उत्तर : शिराळ्याचा शेतकरी

होत नाही. तेथे वृक्षतोडीचे नियमन करणारा १९६४ चा राज्याचा कायदा आहे आणि तोडीपूर्वी परवानगी घ्यावी लागते. आमच्याकडे सांगली जिल्ह्यातही हीच अडचण आहे : मुलीचे लग्न किंवा दवाखाना निघाला की शेतकरी सगळा डोंगर एका व्यापाऱ्याला उक्ता देतो आणि हाती फार थोडे पडते. सरसकट तोडण्याऐवजी दरवर्षी एकेक पट्टा तोडावा, बुंधा जमिनीलगत धारदार कोयत्या-कुऱ्हाडीने तिरका छाटावा म्हणजे त्यावर पाणी साचून तो कुजत नाही, आणि फुटणाऱ्या धुमाऱ्यांपैकी दोन-तीन जोमदार राखून बाकीचे काढावेत. दोन पावसाळे तो पट्टा गुरांपासून राखला की झाड पुन्हा उभे राहते. शासनाने अशा टप्प्याटप्प्याच्या तोडीला परवानगी सुलभ करावी आणि डोंगर राखणाऱ्याला दरवर्षी काही मोबदला द्यावा, अशी मागणी आपल्या दोन्ही जिल्ह्यांतील ग्रामसभांनी ठराव करून पाठवायला हवी. आपल्या ग्रामसभेत वनहक्काचा विषय येईल त्याच दिवशी हाही ठराव घ्यावा. मसुदा हवा असल्यास मी लिहून देतो.