लाल, तांबडा की आणखी काही? पुस्तकांतले लाल पक्षी मराठीत आणताना

तळटीप :
लाल पक्षी असलेल्या पुस्तकांची एक सूची मराठी वाचकांसाठी तयार होते आहे. बालकादंबरी, कथा, इतिहास, परीकथा, कविता, मांगा (जपानी चित्रकथा) असे सगळे प्रकार तीत एकत्र आहेत. प्रत्येक नोंदीत दोन-तीन ओळींचा परिचय आणि पक्ष्याचं नाव मराठीत द्यायचं आहे. अडलंय ते रंगाच्या शब्दावर. पहिल्या खर्ड्यात 'द सीक्रेट गार्डन'मधल्या रॉबिनला 'तांबड्या छातीचा' म्हटलं होतं, 'द स्कार्लेट आयबिस'मधल्या पक्ष्याला 'रक्तवर्णी' आणि चिनी परंपरेतल्या दक्षिणेच्या पक्ष्याला 'शेंदरी'. तपासणीत तिन्ही ठिकाणी 'लाल' झालं. कारण असं दिलं की तांबडा आणि लाल एकच, आणि सूचीत एकाच गोष्टीला तीन शब्द नकोत. हे पटण्यासारखं आहे का? शिवाय रॉबिनला 'दयाळ' म्हटलं तर चालेल का?

चिरक :
दयाळ नको. दयाळ काळा-पांढरा असतो, अंगावर लाल पीस नाही. पुढच्याच ओळीत त्याची छाती तांबडी आहे असं आलं की पक्षी ओळखणारा वाचक तिथेच थांबेल. 'चिरक'ही नको. चिरकाचा नर काळा, खांद्यावर पांढरा पट्टा, आणि तांबूस रंग आहे तो शेपटीच्या खाली. छातीवर नाही.

कादंबरी १९११ची, घडते इंग्लंडमधल्या यॉर्कशरमध्ये, म्हणजे तो युरोपातला रॉबिन. लांबी सुमारे १४ सेंटीमीटर, पाठ तपकिरी, पोट पांढुरकं, चेहरा-गळा-छाती नारिंगी. माळी माती उकरू लागला की हा किडे टिपायला जवळ येतो. ही सवय कथानकाला लागते, कारण तो नुकत्याच उकरलेल्या मातीशी असताना तिथेच कथेची नायिका मेरी हिला बंद बागेची गंजलेली किल्ली दिसते. आपला पक्षी घातला तर रंगही जातो आणि यॉर्कशरही. 'रॉबिन'च ठेवा.

आणि तळटीपही नको. मेरी भारतात वाढलेली आहे, तिलाही हा पक्षी माहीत नाही. ती माळ्याला विचारते आणि म्हातारा सांगतो. खुलासा लेखिकेनेच संवादात करून ठेवला आहे. मराठी वाचक तिथे मेरीच्या जागी उभा राहतो. तो संवाद नीट उतरवला की काम झालं.

मुळाक्षर :
रंगाबद्दल. 'लाल' हा फारसी 'लअ्ल', म्हणजे माणिक. 'तांबडा' ताम्रावरून आलेला, घरचा. मराठी सूचीत घरचा शब्द असताना उसना का घ्यायचा? सगळीकडे 'तांबडा' करा.

रोजवापर :
शिवाजी महाराजांचं बालपण जिथे गेलं त्या वाड्याचं नाव लाल महाल. इतकी वर्षं घरात राहिलेल्या शब्दाला अजून उसना म्हणायचं का? लालबुंद, लालभडक, लालेलाल ही घडण मराठीचीच आहे. 'तांबडाबुंद' कोणी म्हणत नाही. याउलट पहाटे 'तांबडं फुटतं', 'लाल फुटत' नाही. शब्द कुठून आला यापेक्षा तो कोणत्या रंगाला लागतो ते पाहा. दोन्ही शब्द जिवंत आहेत आणि दोघांची कामं वेगळी आहेत.

हिंगूळ :
रोजवापर यांच्याशी सहमत, आणि त्यातच मूळ प्रश्नाचं उत्तर आहे. 'तांबडा' पसरट शब्द आहे. तांबडी माती विटकरी-तपकिरी असते. तांबडा भोपळा कापला तर आतून नारिंगी निघतो. तांबडं फुटतं तेव्हा आकाश केशरी असतं. 'लाल' त्यामानाने अरुंद, शुद्ध लालाच्या जवळ राहणारा.

इंग्रजीतल्या जुन्या 'रेड'ची व्याप्ती आपल्या तांबड्यासारखीच होती. 'ऑरेंज' हा रंगाचा शब्द म्हणून इंग्रजीत सोळाव्या शतकात आला, तोही फळावरून. रॉबिनला 'रेडब्रेस्ट' हे नाव त्याआधी पडलं होतं. छाती नारिंगी असून नाव लाल, ते यामुळे. म्हणून 'तांबड्या छातीचा रॉबिन' हे भाषांतर अचूक आहे. 'लाल छातीचा' लिहिलं तर वाचक कुंकवासारखी छाती डोळ्यांसमोर आणेल.

कानामात्रा :
तांबडा भोपळा कुठला? अनेक घरांत तो लाल भोपळाच आहे. आणि शाळेतलं 'तानापिहिनिपाजा' आठवा. तांबडा पहिला, नारिंगी दुसरा, दोन वेगळे पट्टे. मग तांबड्यात नारिंगी येतो हे कसं म्हणता?

हिंगूळ :
तानापिहिनिपाजा ही शास्त्राच्या पुस्तकाने केलेली वाटणी आहे. सात पट्ट्यांना सात नावं हवी होती म्हणून तांबड्याला आखून दिलं. त्याच यादीत जांभळ्याच्या शेजारच्या पट्ट्याला 'पारवा' म्हटलंय. बाजारात पारवा रंग मागितला तर कबुतराच्या पाठीसारखा राखाडी-निळा कपडा पुढे येईल. लाल भोपळ्याचा मुद्दा मान्य आहे, पण त्यातून एवढंच दिसतं की आता 'लाल'ही पसरतोय.

चिरक :
पक्ष्यांच्या मराठी नावांतून रंग काढताना एक सांभाळा. 'तांबट' या नावात तांबडा रंग नाही. तांब्याची भांडी ठोकणाऱ्या कारागिराचं ते नाव, आणि पक्ष्याला ते त्याच्या एकसुरी टुक्-टुक् आवाजावरून मिळालं. त्याच्या कपाळावर आणि गळ्याखाली लाल ठिपका आहे, त्यामुळे फसायला होतं. लाल मुनियाचा नरही विणीच्या हंगामातच लाल असतो, एरवी तपकिरी. तिच्या इंग्रजी नावाचं, 'ॲव्हडॅव्हट'चं, मूळ अहमदाबाद आहे. पिंजऱ्यातले हे पक्षी तिथून बाहेर जात.

आणि अमेरिकी पुस्तकांतला सापळा. तिथे 'रेडबर्ड' हा जोडशब्द दिसला तर तो बहुतेक वेळा कार्डिनल असतो, दक्षिणेकडच्या राज्यांत तेच त्याचं घरगुती नाव. 'लाल पक्षी' असं भाषांतर केलं की ओळखीचा, बर्फातही अंगणात दिसणारा, स्थलांतर न करणारा पक्षी नाहीसा होतो आणि कुठलातरी अनाम पक्षी उरतो. तिकडची मराठी घरंही त्याला कार्डिनलच म्हणतात. नाव चर्चमधल्या कार्डिनलांच्या लाल झग्यावरून पडलं. तो लाल फक्त नराचा, मादी फिकट तपकिरी, पंख-शेपटीवर लालसर झाक.

मोहम्मद हनीफ यांच्या 'रेड बर्ड्स'मध्ये मात्र खरोखर 'लाल पक्षी'च हवं. २०१८ची कादंबरी आहे. तिथे मारल्या गेलेल्या माणसाच्या रक्ताच्या शेवटच्या थेंबाचा पक्षी होतो. जात सांगायचीच नाही. मेरी ऑलिव्हर यांच्या २००८च्या 'रेड बर्ड' या कवितासंग्रहाचं नाव दोन सुटे शब्दांचं आहे, तिथेही 'लाल पक्षी' बरोबर.

तळटीप :
कार्डिनलचा मुद्दा लगेच घेतला. 'स्कार्लेट आयबिस'चं काय करायचं? आयबिस म्हणजे आपले शराटी किंवा कुदळ्या. 'लाल शराटी' म्हणता येईल?

पानगळ :
जेम्स हर्स्ट यांची ही कथा १९६०ची. वादळानंतर अंगणातल्या झाडावर एक अनोळखी पक्षी येऊन बसतो. घरात कोणीच त्याला ओळखत नाही. पक्षी पडून मरतो, मग वडील पुस्तक मागवून नाव शोधतात. धाकटा, दुबळा भाऊ एकटाच त्याला पुरतो. शेवटी पावसात तोच भाऊ रक्ताने माखलेला सापडतो आणि निवेदक त्याला त्या पक्ष्याच्याच नावाने संबोधतो. म्हणजे मराठी शब्दाला दोन अटी आहेत. एक, तो पक्ष्यालाही लागावा आणि मुलाच्या रक्तालाही. दोन, पहिल्या ओळखीपासून शेवटच्या ओळीपर्यंत तोच राहावा. मध्ये कुठे 'लालभडक', कुठे 'तांबूस' असं केलं तर शेवट कोसळतो. 'रक्तवर्णी' दोन्ही अटी पाळतो, पण पहिल्याच भेटीत शेवट उघड करतो. 'लाल' काहीच फोडत नाही, आणि मराठीत रक्तही लालच असतं. इथे तपासणाऱ्यांचा 'लाल' मला जास्त पटतो.

'कुदळ्या' नको. चोचीच्या आकारावरून पडलेलं चांगलं नाव आहे, पण त्यात शेत आणि माती आहे. कथेत या पक्ष्याचं परकेपण हाच कणा आहे. तो उष्ण कटिबंधातला, वादळाने वाट चुकलेला. 'आयबिस' हा न कळणारा शब्दच तिथे योग्य, कारण घरच्यांनाही तो कळत नाही.

चिरक :
भर घालतो. या पक्ष्याचा लाल जन्मजात नसतो. पिल्लं राखाडी-तपकिरी असतात. खेकडे-कोळंबीसारख्या खाद्यातली कॅरोटिनॉइड ही रंगद्रव्यं पिसांत उतरतात तसतसा रंग चढतो. पिंजऱ्यात ते खाद्य मिळालं नाही तर नव्या पिसांत रंग फिका पडतो.

मुळाक्षर :
'स्कार्लेट' आधी रंगच नव्हता. ते उंची लोकरी कापडाचं नाव, रंग कोणताही. फारसी 'सकिर्लात'वरून ते आलं, आणि जुन्या मराठी कागदांतली 'सकलाद' त्याच घराण्यातली. तेव्हा 'सकलादी आयबिस' का नाही?

कानामात्रा :
कारण 'सकलादी'ने आज कोणाच्याही डोळ्यांसमोर लाल रंग येत नाही. आणि प्रवासाची दिशाही ठरलेली नाही. लॅटिनमधल्या 'सिगिलातुस'पासून शब्द पूर्वेकडे गेला असंही सांगतात.

हिंगूळ :
'क्रिमझन' आला तर मात्र मराठीत हुकमी शब्द आहे, किरमिजी. दोन्ही एकाच 'किर्मिझ'ची लेकरं. ओकच्या एका जातीवर राहणारा किडा, त्याच्या माद्या वाळवून, कुटून हा रंग काढत. संस्कृत 'कृमि' त्याचा नातेवाईक आहे, पण शब्द मराठीत आला फारसीच्या वाटेने. हॅरी पॉटरमधला फॉक्स हा फिनिक्स क्रिमझन आणि सोनेरी आहे. तिथे 'किरमिजी' बसतो.

आता 'शेंदरी'. चिनी परंपरेतल्या त्या दक्षिणेच्या पक्ष्याचं नाव 'झूच्यूए', त्यातला 'झू' म्हणजे हिंगूळ, पाऱ्याचं सल्फाइड. शेंदूर म्हणजे शिशाचं ऑक्साइड, नारिंगीकडे झुकणारं. दोन वेगळे पदार्थ आणि दोन वेगळे रंग. म्हणून 'हिंगुळी पक्षी' लिहा. जपानीत हाच 'सुझाकू'. 'फुशिगी यूगी' या मांगात तो दक्षिणेचा देव आहे, तिथे तेच विशेषनाम ठेवा.

मुळाक्षर :
'हिंगुळी' आज कोणाला कळतो?

हिंगूळ :
संदर्भाने कळेल, आणि वापरला तरच टिकेल. चार दिशांच्या प्राण्यांत पूर्वेचा ड्रॅगन निळा-हिरवा, पश्चिमेचा वाघ पांढरा, उत्तरेचं कासव काळं आणि दक्षिणेचा पक्षी हिंगुळी. ही रंगांची चौकट आहे, तिच्यात नेमका शब्द हवा.

पानगळ :
सूचीत रशियन परीकथांतला 'झार-प्तीत्सा' हा पक्षी आहे का? अफानास्येव यांच्या एकोणिसाव्या शतकातल्या लोककथासंग्रहात त्याची कथा आहे. त्याला लाल पक्ष्यांत घालू नका. त्याची पिसं सोनेरी आहेत, तो बागेतली सोन्याची सफरचंदं चोरतो आणि त्याच्या एका पिसाने खोली उजळते. 'झार' म्हणजे धग, निखारे. 'अग्निपक्षी'पेक्षा 'निखारपक्षी' जवळचा वाटतो.

तळटीप :
आहे, आणि ते नाव 'अग्निपंख' असं लिहिलं होतं.

चिरक :
'अग्निपंख' आधीच दिलेलं आहे. मराठीत तो फ्लेमिंगो, म्हणजे रोहित. भिगवणला, ठाण्याच्या खाडीत येतो तो. 'रोहित'चाही अर्थ लालच. ग्रीकमधलं त्याचं नाव 'फिनिकॉप्टेरस', किरमिजी पंखांचा. आणि 'फ्लेमिंगो'त ज्वाळा आहे. तीन भाषांनी एकच गोष्ट पाहिली, कारण उभा असताना गुलाबी-पांढरा वाटणारा हा पक्षी उडाला की पंखातला लाल उघडतो.

कानामात्रा :
मग 'ॲलिस इन वंडरलँड'मध्ये काय? १८६५च्या पुस्तकात क्रोके या चेंडू टोलवायच्या खेळात दांडी म्हणून फ्लेमिंगो आहेत, आधीच्या हस्तलिखितात शहामृग होते. तिथे डचेस हे पात्र म्हणतं की फ्लेमिंगो आणि मोहरी दोन्ही 'बाइट' करतात. 'चावतात' लिहिलं तर मोहरी सुटते.

रोजवापर :
'झोंबतात'. मोहरी नाकाला झोंबते, पक्षी अंगाला झोंबतो. एकच क्रियापद दोघांना पुरतं.

पानगळ :
सुंदर. आणि फिनिक्सबद्दल एक दुरुस्ती सूचीत करा. ग्रीक इतिहासकार हिरोडोटसच्या इतिहासात, दुसऱ्या पुस्तकाच्या ७३व्या परिच्छेदात, फिनिक्स गरुडाएवढा, काही पिसं सोनेरी, काही लाल, आणि ५०० वर्षांनी अरबस्तानातून हेलिओपोलिसला येणारा आहे. बोळ नावाच्या सुगंधी डिंकाच्या गोळ्यात बापाचं प्रेत भरून तो देवळात आणतो. तिथे आग नाही आणि राखही नाही. ती नंतरच्या लेखकांनी घातली. त्या नोंदीत 'राखेतून झेप' लिहू नका.

तळटीप :
मग 'अग्निपंख' फिनिक्सलाही देता येणार नाही. रोहितकडेच ठेवू?

मुळाक्षर :
ठेवा, पण मग कलामांच्या आत्मचरित्राच्या मराठी अनुवादाचं नावही तेच आहे. शब्दसूचीत तो शोधणाऱ्याला फ्लेमिंगो सापडेल.

चिरक :
म्हणूनच नोंदीत 'रोहित' लिहा, 'अग्निपंख' त्याच्यापुढे पर्यायी नाव म्हणून.

कानामात्रा :
आणि 'रोहित' वाचून नव्वद टक्के लोक मुलगा समजतील. 'फ्लेमिंगो'ला काय हरकत आहे?