लांब बाहीचं ब्लाऊज मागणाऱ्या बाईला मी काय म्हणू?

सुईदोरा_सोलापूर

नमस्कार. सोलापुरात पूर्व भागात माझं शिवणकामाचं दुकान आहे. दुकान म्हणजे घराचाच रस्त्याकडचा खण. दोन शिलाई मशिनी, एक पिकोची, आणि कोपऱ्यात माप घ्यायला पडदा. एकोणीस वर्षं ब्लाऊज शिवतेय. गिऱ्हाईक बहुतेक विड्या वळणाऱ्या बायका, घरी तेलुगू बोलणाऱ्या. मला अक्का म्हणतात. खाली लिहिलंय त्यातल्या काही खुणा मी मुद्दाम बदलल्यात, कुणाची ओळख पटू नये म्हणून.

एक बाई चार वर्षांपासून येते. अजून तिशी गाठली नसेल. नेहमी मापाचं ब्लाऊज देते आणि उभ्या उभ्या जाते. गेल्या आठवड्यात आली. बाहेर ऊन असं की डांबर चपलेला चिकटत होतं. म्हणाली, "अक्का, यावेळी बाही कोपराच्या खाली घ्या." तिच्या जुन्या आखूड बाहीवरून ते माप निघेना, म्हणून पडद्याआड नेलं. दंडघेराला टेप गुंडाळला तशी तिनं श्वास आत ओढला. पदर सरकला तेव्हा दिसलं. दंडाच्या बाहेरच्या बाजूला चार काळेनिळे डाग एका ओळीत, आतल्या बाजूला एक मोठा. चार बोटं आणि अंगठा. त्याच्या खाली पिवळा पडत आलेला जुना डाग वेगळाच.

विचारलं, तर म्हणाली, परवा पाणी भरताना घागर लागली. आमच्याकडं नळाला रोज पाणी येत नाही, चार-चार पाच-पाच दिवसांनी येतं. पाण्याचा दिवस गल्लीतल्या लहान पोरालाही पाठ असतो. परवा पाणी नव्हतं. मला कळलंय हे तिलाही कळलं. मी वहीत माप लिहीत राहिले. जाताना उंबऱ्यात थांबून एवढंच म्हणाली, "रोजचंच आहे की अक्का. घर सासूच्या नावावर, मी कुठं जाऊ?"

नवरा यंत्रमागावर आहे. तिच्या उजव्या हाताचा अंगठा सुजलेला आहे, पान गुंडाळताना दाबच देता येत नाही. आधी दिवसाला हजार विड्या व्हायच्या, आता सहाशेच्या वर जात नाहीत, त्यातही छाट, म्हणजे खराब म्हणून बाद केलेल्या विड्या, जास्त निघते. मजुरी हजारावर मिळते. म्हणजे मारामुळं पैसे कमी, आणि पैसे कमी म्हणून पुन्हा मार. मुलगी दुसरीत आहे, कधी कधी माझ्याकडं बसून अभ्यास करते. मागे माझ्या हातून कात्री फरशीवर पडली, तर ती पोर दोन्ही कान झाकून मशिनीखाली जाऊन बसली. तेव्हा मी हसले होते. आता ते आठवलं की घास गिळत नाही.

माझी सासू म्हणते, तिनंच काहीतरी केलं असेल. मालक म्हणतात, आपण बोललो आणि तिचं इथं येणंच बंद झालं तर? तीच भीती मलाही आहे.

गुरुवारी ती ब्लाऊज न्यायला येणार आहे. मी तिला काय म्हणू? तिला न विचारता मी पोलिसांत कळवू शकते का, माझं नाव बाहेर येतं का, आणि खरंच तिला घराबाहेर काढतील का? कुणाला ठाऊक असेल त्यांनी सांगा.

जुना_सोलापूरकर

ताई, तुमची कळकळ समजते. पण संसारात भांड्याला भांडं लागतंच. बाहेरच्या माणसानं मध्ये पडलं की घर तुटतं, आणि लेकरांचे हाल होतात. माझ्या भावाच्या बाबतीत पोलीस, कोर्ट सगळं झालं. शेवटी दोघंही उद्ध्वस्त झाली. शक्यतो मोठ्या माणसांना बसवून समजूत काढा.

घरोघरी

दादा, घर तर आधीच तुटतंय. ती मुलगी मशिनीखाली बसली तेव्हा मध्ये कुणीच पडलेलं नव्हतं.

मी २०१९ मध्ये राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या कामाला होते. आमच्या प्रश्नावलीत नवऱ्याच्या मारहाणीचा एक भाग असतो. तो एका घरात एकाच बाईला विचारायचा, तोही पूर्ण एकांत असेल तरच. सासू चहा घेऊन आली तरी पान उलटून मुलांच्या लसीकरणावर बोलायला लागायचं. दहा बाय बाराच्या खोलीत एकांत कुठला? कधी गच्चीवर बसलो, कधी गोठ्यात. एका बाईनं दुसऱ्याच प्रश्नाला डोळ्याला पदर लावला. म्हणाली, हे मला आजवर कुणी विचारलंच नाही.

त्या पाहणीत देशातल्या १८ ते ४९ वयाच्या, लग्न झालेल्या बायकांपैकी २९.३ टक्के जणींनी नवऱ्याचा मार किंवा जबरदस्ती सोसल्याचं सांगितलं. आपल्या महाराष्ट्रात २५.२ टक्के, म्हणजे चौघींतली एक. ताई, तुमच्या वहीतली मापं मोजून बघा. नवरा वरचेवर दारू पिऊन तर्र होत असेल तर हेच प्रमाण ७० टक्क्यांवर जातं. पण अजिबात न पिणाऱ्यांच्या बायकांतही २३ टक्के आहे, त्यामुळे सगळा दोष बाटलीवर टाकून भागत नाही. आणि मदत मागणाऱ्या किती? शंभरातल्या चौदा. बहुतेकींनी कुणाला चकार शब्दही सांगितलेला नसतो.

तुमच्या सासूबाईंचं वाक्यही त्या पाहणीत आहे. न सांगता बाहेर जाणं, उलट बोलणं, स्वयंपाक नीट न करणं अशी सात कारणं वाचून दाखवायची आणि विचारायचं, यासाठी नवऱ्यानं मारणं योग्य का? निदान एका कारणाला हो म्हणणाऱ्या बायका ४५ टक्के, पुरुष ४४. बायकांचा आकडा जास्त आहे. हे काम करून आले त्या रात्री मी आईशी भांडले होते.

तुमच्याकडं जे आहे ते आम्हाला मिळत नव्हतं. तो पडदा. कुणी शंका घेणार नाही अशी, तिला एकटीला पाच मिनिटं मिळण्याची जागा. तिथंच विचारा. मुलीसमोर नको.

अकरा_वर्षं

मी या बाईच्या जागी होते. होटगी रोडकडं राहायचे. नवरा चांगल्या नोकरीत, शिकलेला, दारूला शिवत नव्हता. आमटी करपली म्हणून त्यानं गरम पातेलं माझ्या पायावर सोडलं होतं. अकरा वर्षं हे चाललं.

मला कुणी विचारलं नाही असं नाही. विचारायच्या, "काय गं, पुन्हा मारलं का?" त्यात ते "पुन्हा" मला लागायचं. मी नाही म्हणायची आणि त्या बाईकडं जाणं बंद करायची. शेवटी वरच्या मजल्यावरच्या एका काकूंनी विचारलंच नाही. जिन्यात भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "मला रात्री ऐकू येतं. तुझी चूक नाही. माझ्या दाराला आतून कडी नसते." पुढं एक अक्षर नाही. त्यानंतर सात महिन्यांनी मी ते दार ढकललं. सात महिने! तोवर त्यांनी एकदाही टोकलं नाही, की "अजून का राहतेस" असं विचारलं नाही. म्हणून ताई, गुरुवारी काही घडलं नाही तर खचू नका.

दुसरं सांगते ते माझी चूक म्हणून. मी तीनदा दवाखान्यात गेले आणि तिन्ही केसपेपरवर "पडून मार लागला" असंच लिहून घेतलं. नवरा शेजारी उभा, मी तरी काय सांगणार? पुढं केस उभी राहिली तेव्हा समोरच्या वकिलानं तेच कागद दाखवले. चौथ्यांदा काकू सोबत आल्या, नवरा नव्हता, तेव्हा डॉक्टरांना खरं सांगितलं. त्यांनी तसं लिहिलं, एमएलसी केली, म्हणजे पोलिसांच्या कामी येणारी मारहाणीची नोंद. माझ्या हातात काय ते उपयोगी पडलं असेल तर तो एक कागद. तिचा अंगठा दाखवायला तुम्ही सोबत जाऊ शकाल का?

पोलीस ठाण्यात, कुठलं ते लिहीत नाही, माझी नुसती एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नोंद, घेतली आणि "नवरा-बायकोचं आहे, मिटवून घ्या" म्हणाले. तेव्हा वाटलं संपलं सगळं. संपलं नव्हतं. हे तिला आधीच सांगून ठेवा, म्हणजे पहिल्या नकाराला ती परत फिरणार नाही.

एक खूण मात्र बघा. गळ्यावर बोटांचे डाग, बसलेला आवाज, डोळ्यांत लाल ठिपके. तुम्ही गळ्याचं माप घेता, तुम्हाला दिसेल. माझा गळा दाबला त्या रात्री मी काकूंचं दार ढकललं होतं.

काळा_कोट

सोलापुरातच वकिली करतो. गळ्याबद्दल वर लिहिलंय ते सर्वांत आधी गंभीरपणे घ्या. गळा दाबणारा माणूस पुढं जीव घेईल, हा धोका खूप वाढलेला असतो. तसं दिसलं किंवा भिंतीपलीकडून आरडाओरडा ऐकू आला, तर परवानगीची वाट न बघता ११२ लावा.

एरवी तिच्या संमतीशिवाय पाऊल टाकू नका. कायदा आडवा येतो म्हणून नव्हे. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम ४ नुसार कुणीही संरक्षण अधिकाऱ्याला, म्हणजे याच कायद्याखाली नेमलेल्या सरकारी अधिकाऱ्याला, कळवू शकतं, आणि चांगल्या हेतूनं कळवणाऱ्यावर दिवाणी वा फौजदारी जबाबदारी येत नाही. त्यामुळे स्वतःच्या केसची भीती सोडा. पण कुणीतरी कळवलंय हे नवऱ्याला समजेल त्या संध्याकाळी ती कुठं असेल, याचं उत्तर आधी तयार हवं.

आता घराचं. "घर सासूच्या नावावर" हे वाक्य मी आठवड्यातून दोनदा तरी ऐकतो. घर कुणाच्याही नावावर असो, ती जिथं नवऱ्यासोबत नांदली तिथं राहण्याचा तिला हक्क आहे, कलम १७. आधी एका निकालामुळे सासू-सासऱ्यांच्या मालकीच्या घराबाबत अडचण यायची. ऑक्टोबर २०२० मध्ये सतीशचंद्र आहुजा विरुद्ध स्नेहा आहुजा खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं ती दूर केली. सासूला घराबाहेर काढा असा आदेश कोर्ट देणार नाही, बाईविरुद्ध तसा आदेश देता येत नाही. पण हिला काढू नका, मारू नका, हिच्या कामाच्या जागी जाऊ नका असे आदेश मिळतात. तातडी असेल तर एकतर्फीसुद्धा. ते मोडले तर एक वर्षापर्यंत कैद किंवा वीस हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. तिच्या विड्यांची मजुरी काढून घेतली जात असेल तर तोही याच कायद्यात आर्थिक छळ आहे.

हा मार्ग संरक्षण अधिकारी आणि न्यायदंडाधिकाऱ्यांचा. त्यात नवऱ्याला लगेच अटक होत नाही, आणि माझ्याकडं येणाऱ्या बऱ्याच बायकांना नेमकं तेच हवं असतं. मार थांबावा, संसार मोडू नये. फौजदारी वेगळी. नवऱ्याकडून किंवा सासरी होणाऱ्या छळाचं आधीचं कलम ४९८-अ, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं कलम ८५, तीन वर्षांपर्यंत शिक्षा. कुठलं दार ठोठवायचं ते तिनं ठरवावं. कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचा अर्ज पहिल्या सुनावणीपासून साठ दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करावा असं कायद्यात आहे. प्रत्यक्षात तारखा लांबतात, खोटा धीर देणार नाही. वकिलाचे पैसे मात्र लागत नाहीत. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलेला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. १८१ या महिला हेल्पलाइनवर फोन केला तर सखी केंद्राचा, म्हणजे अशा बायकांसाठीच्या सरकारी मदत केंद्राचा, पत्ता मिळेल.

जुना_सोलापूरकर, मोठ्या माणसांच्या बैठका मीही पाहिल्यात. त्यात बाईला नवऱ्यासमोर बोलायला लावतात आणि रात्री त्याच घरी पाठवतात.

सुईदोरा_सोलापूर

सगळ्यांचे आभार. काल गुरुवार होता. ती आली, मुलगी शाळेत होती. फिटिंग बघू म्हणून पडद्याआड नेलं. काकूंसारखंच बोलायचं ठरवलं होतं, पण ऐन वेळी माझाच आवाज कापायला लागला. म्हटलं, "परवा पाणी आलं नव्हतं. तुझी चूक नाही. हा पडदा तुझा आहे, कधीही ये." ती रडली नाही. हुक लावत राहिली. मग हळूच म्हणाली, "अक्का, परकराला आतून चोरखिसा करून द्याल का? तो पैसे शोधतो."

तिथंच मशिनीवर बसून चोरखिसा लावून दिला. नाड्याच्या खाली, आतून, दुहेरी शिवण, वरून दिसणार नाही असा. मी शिवत होते तेवढा वेळ ती बोलली. दोन वर्षांचं सगळं. गळ्याला अजून हात लावलेला नाही म्हणाली, मी स्वतः बघितलं, डाग नाही. पोलीस नको म्हणते. घराच्या हक्काचं सांगितलं तेव्हा मात्र मशिनीवरचा माझा हात धरून दोनदा विचारलं, "सासूचं असलं तरी?" सोमवारी माल द्यायला कारखान्यात जाते, तिथून अंगठा दाखवायला जायचं ठरलंय. मी सोबत जाणार, दुकान अर्धा दिवस बंद.

काळा_कोट, एक विचारायचं राहिलं. ती कागद माझ्याकडं ठेवायला तयार आहे. विडी कार्ड, आधार, मुलीचा जन्मदाखला. मूळ ठेवून घेऊ की झेरॉक्स चालेल? दुसऱ्या गिऱ्हाईकाच्या नावाची चिठ्ठी लावून कापडाच्या पिशवीत ठेवीन, माझ्या रॅकला तशा चाळीस पिशव्या आहेत.

काळा_कोट

कार्ड आणि आधारची झेरॉक्स. मूळ घरातून गायब झालं तर त्याला संशय येईल, आणि कार्ड तिला कामाला लागतं. जन्मदाखल्याची आणखी एक मूळ प्रत महापालिकेतून काढता येते, ती तुमच्याकडं ठेवा. सोमवारचा केसपेपर मात्र मूळच तुमच्या पिशवीत, घरी अजिबात जाऊ देऊ नका. डॉक्टर "कशानं लागलं" विचारतील तेव्हा तुम्ही बोलू नका, तिला बोलू द्या.