पाच लाखांवर सही करायची की नाही?

फोंड्यातून
माझ्या मामेबहिणीचे यजमान दोन महिन्यांपूर्वी केसरवाळला अपघातात गेले. वय ३४, एका इलेक्ट्रिक कॉन्ट्रॅक्टरकडे कामाला, महिन्याला १८,००० बँकेत जमा व्हायचे. पर्यटकांच्या गाडीने मागून ठोकर दिली, आणि ती गाडी प्रायव्हेट, पांढऱ्या पाटीची, कुणीतरी भाड्याने दिलेली. आता विमा कंपनीचा माणूस घरी येऊन सांगतोय की मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ खाली पाच लाख लगेच देतो, सही करा, नाहीतर गाडी भाड्याची होती, म्हणून पॉलिसी लागत नाही, हे आम्ही दाखवणार आणि मग वर्षानुवर्षं कोर्टात फिरत बसा. घरात सासू आणि दोन लहान मुलं, ती बिचारी काय करणार.

माझं म्हणणं एवढंच, हे पैसे अंतरिम म्हणून द्यावेत आणि केस चालू राहू दे. पूर्वी तसंच होतं ना? जुन्या कलम १४० मध्ये मृत्यू झाला तर चूक कुणाची ते न बघता ५०,००० आधी द्यायचे आणि शेवटच्या निकालातून तेवढे वजा करायचे. १ एप्रिल २०२२ पासून ते कलमच गेलं. आता १६४ चे पाच लाख स्वीकारले की कलम १६६ प्रमाणे पूर्ण भरपाईसाठी ट्रिब्युनलमधला (अपघाताचे दावे बघणाऱ्या कोर्टातला) अर्ज संपतो. रक्कम दहापट झाली खरी, पण पुढचं दारच बंद केलं.

विम्यातून रिटायर्ड
तीस वर्षं क्लेम बघितलेत म्हणून लिहितो, राग मानू नका. प्रत्येक फाईल दोनदा लढायची, आधी अंतरिमसाठी आणि मग मुख्य केससाठी, याने कुणाचं भलं झालं? पाच लाख चूक सिद्ध न करता मिळतात ही लहान गोष्ट नाही. आणि भाड्याचं म्हणाल तर प्रीमियम प्रायव्हेट गाडीचा भरलेला आणि धंदा टॅक्सीचा चाललेला, परवाना नसताना गाडी भाड्याने लावली तर हा बचाव कायद्यानेच कंपनीला दिलाय, कलम १५० वाचा. थर्ड पार्टीचा दर आम्ही ठरवत नाही, सरकार ठरवतं. असे लोक नियम मोडणार आणि भार इमानदारीत पॉलिसी घेणाऱ्याने उचलायचा का? ज्याने गाडी दिली त्याच्याकडून वसूल करा.

डिचोलीकर
काका, मग हिशोबच मांडूया. १८,००० वर ४० टक्के भविष्यातल्या वाढीचे (सुप्रीम कोर्टाचा २०१७ चा प्रणय सेठी निकाल) म्हणजे २५,२००. अवलंबून चौघं, बायको, दोन मुलं आणि आई, म्हणून गेलेल्याच्या स्वतःच्या खर्चाचा पाव भाग वजा, राहिले १८,९००. वर्षाचे २,२६,८००. वय ३४ ला गुणक (वर्षाच्या रकमेला वयाप्रमाणे गुणायचा आकडा) १६. झाले ३६,२८,८००. एवढं असताना पाच लाखांवर सही घ्यायला घरी माणूस पाठवतात याला मी मदत म्हणणार नाही, मुलांच्या तोंडचा घास काढून घेणं म्हणतो.

विम्यातून रिटायर्ड
हिशोब बरोबर आहे, पण तो कागदावर. उद्या ट्रिब्युनलने कंपनीला मोकळं केलं तर हे ३६ लाख गाडीमालकाच्या डोक्यावर. त्याची ती एकच गाडी, तीसुद्धा कर्जावर. देणार कुठून?

कुठ्ठाळी ६६
म्हणून तर आधी कंपनीने द्यावं आणि मागाहून मालकाकडून वसूल करावं ही वाट कोर्टांनी काढलीय. सुप्रीम कोर्टाचा २००४ चा स्वर्ण सिंग निकाल ड्रायव्हरच्या लायसनचा होता, भाड्याचा विषय थोडा वेगळा हे मान्य. पण रस्त्यावरून कामाला जाणारा माणूस मागून येणाऱ्या गाडीची पाटी बघून मरतो काय? कायदेशीर रेंटची पाटी काळी आणि अक्षरं पिवळी हे गोव्यात शाळेतल्या पोरालाही ठाऊक, तरी पांढऱ्या पाटीच्या गाड्या सीझनभर उघड फिरतात. ज्यांनी त्या थांबवायच्या त्यांनी थांबवल्या नाहीत आणि भोगायचं मात्र विधवेने.

वाळपईची
जुनं कलम फार चांगलं होतं असं म्हणू नका हो. २०१७ साली माझ्या नवऱ्याचा पाय गेला. गोमेकॉत (गोवा मेडिकल कॉलेजात) महिनाभर होते, औषधपाणी, येणंजाणं, सगळं उसन्यावर. कायम अपंगत्वाला अंतरिम फक्त २५,०००, आणि तेसुद्धा हातात यायला चौदा महिने लागले कारण कंपनीने पॉलिसीवरच आक्षेप घेतलेला. तोवर मी मंगळसूत्र मोडलेलं. मला त्यावेळी कुणी आताच्या कायद्यासारखे अडीच लाख तीस दिवसांत देतो म्हणालं असतं तर मी डोळे मिटून सही केली असती. ताईला घेऊ देत, भुकेल्या पोरांना गुणक सांगून काय उपयोग.

फोंड्यातून
वाळपईच्या ताई, तुमचं वाचून बराच वेळ काही लिहिता आलं नाही. चौदा महिने लागत असतील तर त्याला अंतरिम कसं म्हणायचं. पण म्हणून तर माझी मागणी आहे की रक्कम आजची, मुदत आजची, आणि हक्क मात्र जुन्यासारखा शाबूत. नव्या कायद्यात १६४अ मध्ये केंद्राला अंतरिम मदतीची योजना करायची मुभा आहे, मग ती दारात पोचायला नको का?

विम्यातून रिटायर्ड
एक गोष्ट मीच सांगतो, माझ्या जुन्या सहकाऱ्यांना आवडणार नाही. घरी कागदावर सही करायचीच नाही. कलम १४९ ची, म्हणजे कंपनीने तडजोडीसाठी द्यायची ऑफर ट्रिब्युनलसमोर यायला लागते, आणि ती पाच लाखांचीच असावी असं कुठेही लिहिलेलं नाही, पगाराचे बँक स्टेटमेंट पुढे ठेवा आणि वाढवून मागा. नाही पटली तर नाकारा, केस गुणदोषावर चालते. गाडी भाड्याने दिलेली हे सिद्ध करायचं कामही कंपनीचं, तुमचं नाही. बाकी मतावर मी ठाम आहे.

डिचोलीकर
आणि अर्ज करायची अपघातापासून सहा महिन्यांची मुदत विसरू नका, दोन गेले. वकिलाला पैसे नसतील तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा, बाईमाणसाला उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो.

फोंड्यातून
बहिणीशी आत्ताच बोललो. सही केलेली नाही. सोमवारी स्टेटमेंट आणि पोलिसांचे कागद घेऊन दोघं जातोय. तोवर मुलांची फी आम्ही भावंडं मिळून भरतो.