मदत हवी आहे : कूतच्या वेढ्यात विमानातून जातं पडलं होतं का? आणि ते ऑस्ट्रेलियन वैमानिक कोण?

घाटावरचा

नमस्कार मंडळी. प्रश्न विचित्र आहे, पण हसू नका. हसायचं काम आमच्या घरात तीन पिढ्यांनी उरकलंय.

माझे पणजोबा पहिल्या महायुद्धात पलटणीत होते. गाव सातारा जिल्ह्यातलं, खटावच्या बाजूचं. त्यांची धाकटी सून म्हणजे माझी आजी. ती आता नव्वदीला टेकलीय, पण सासऱ्यांच्या गोष्टी अजून शब्दाला शब्द सांगते. ते मुंबईहून बोटीनं बसऱ्याला गेले. पुढं ‘कुटलमारा’त (म्हणजे कूत, आजच्या इराकमधलं) तुर्कांनी पाच महिने कोंडून घातलं. खायला जवाची भाकरी, तीही तळहाताएवढी. धान्य सापडलं तर दळायला काही नाही. ‘मग वरनं जातं पडलं. आभाळातनं. छत्रीला बांधून.’ झालं, इथं सगळे हसतात. आमचे एक चुलते तर लग्नकार्यात मुद्दाम वर बघून विचारायचे, ‘आज जात्याचा पाऊस हाय का पाटा-वरवंट्याचा?’

कोंडीतून सुटका झालीच नाही. सगळ्यांना धरून नेलं आणि ‘रसलान’ नावाच्या मुकादमाच्या हाताखाली रेल्वेच्या कामाला लावलं. पणजोबा परत आले, त्यांच्या बरोबरचे बरेच आले नाहीत.

मागच्या आठवड्यात सुरुवातीच्या लढाऊ वैमानिकांबद्दल वाचत होतो. १९१५ मध्ये काही ऑस्ट्रेलियन वैमानिक मुंबईमार्गे बसऱ्याला गेले होते असा उल्लेख दिसला आणि डोक्यात एकदम ते जातंच पडलं. ऑस्ट्रेलियाचे वैमानिक आपल्या पलटणींबरोबर कसे? ते कूतला होते का? जात्याची गोष्ट खरी असू शकेल का? आणि पणजोबा नेमके कुठल्या पलटणीत होते, हे कसं शोधायचं? घरात एकही कागद नाही. देवघरात चांदीचं एक गोल पदक आहे. दसऱ्याला त्याची पूजा होते, एवढंच.

शंकासुर

स्पष्ट बोलतो, रागावू नका. १९१६ सालची विमानं म्हणजे बांबू, कापड आणि तारा. दोन माणसं उचलताना त्यांना धाप लागायची. दगडी जातं घेऊन ती उडतील? माघारी आलेला शिपाई पारावर बसला की गोष्टीला पंख फुटतातच. आमच्या आजोबांनीही एकट्यानं वाघ मारला होता.

यारा-काठी

वीस वर्षं मेलबर्नला आहे. इथून नैऋत्येला पॉइंट कुक नावाचा जुना हवाई तळ आहे, संग्रहालयही आहे. मुलांना घेऊन चार-पाचदा गेलोय, त्यामुळे या विषयात जरा हात घालतो. लांबलं तर सांभाळून घ्या.

ऑस्ट्रेलियाचं लष्करी उड्डाण सुरू झालं ते या पॉइंट कुकला. जागा निवडली हेन्री पीटर नावाच्या इंग्रज माणसानं. हा मूळचा वकील. वकिली सोडून विमानाच्या नादाला लागला आणि तिथून थेट नव्या देशाच्या उड्डाणशाळेचा शिक्षक झाला. (आडनाव कागदावर ‘पेत्र’सारखं दिसतं, पण त्या घराण्यात उच्चार पीटर असाच करतात. शोधताना दोन्ही वापरा.) दुसरा शिक्षक एरिक हॅरिसन. त्यानं १ मार्च १९१४ ला ब्रिस्टल बॉक्सकाइट विमानातून तिथलं पहिलं लष्करी उड्डाण केलं. बॉक्सकाइट म्हणजे नावाप्रमाणेच खोक्याचा पतंग. आठवडाभरात पीटरनं दुसरं एक विमान जमिनीवर आपटलं, पण स्वतः वाचला. ऑगस्ट १९१४ मध्ये, युद्ध पेटल्यावर काही दिवसांतच, पहिली तुकडी शिकायला आली. किती जण? चार! रिचर्ड विल्यम्स, टॉमस व्हाइट, जॉर्ज मर्झ आणि डेव्हिड मॅनवेल. यातला विल्यम्स पुढं त्यांच्या हवाई दलाचा जनक म्हणून ओळखला गेला.

आता तुमचा प्रश्न. मेसोपोटेमियाची मोहीम, म्हणजे आजचा इराक, चालवत होतं हिंदुस्थान सरकार. ब्रिटनची विमानं फ्रान्सच्या आघाडीवर गुंतलेली. म्हणून फेब्रुवारी १९१५ मध्ये व्हाइसरॉयच्या सरकारनं ऑस्ट्रेलियाकडे मदत मागितली. ऑस्ट्रेलियाकडे देण्यासारखी विमानं नव्हतीच, माणसं होती. चार अधिकारी (पीटर, व्हाइट, मर्झ आणि विल्यम ट्रेलोर) आणि चाळीसेक मेकॅनिक वगैरे. एका ‘फ्लाइट’ची (विमानांच्या छोट्या तुकडीची) ही अर्धी ताकद, म्हणून नाव पडलं हाफ फ्लाइट. एप्रिलमध्ये मेलबर्नहून निघाले, मुंबईला उतरले आणि मे अखेरीस बसऱ्यात. न्यूझीलंडचा एक वैमानिक होता, बर्न. बाकीचे वैमानिक हिंदी लष्करातले ब्रिटिश अधिकारी.

मिळालेली विमानं मॉरिस फार्मन. ताशी पन्नास मैल ही त्यांची मजल. तिथला शमाल वारा याहून जोरात वाहतो, म्हणजे वाऱ्याच्या तोंडाला विमान जागच्या जागी टांगलेलं किंवा चक्क मागं सरकणारं. त्यात ती उष्णता. हवा विरळ झाली की पंखांना उचल मिळत नाही. उन्हाळ्यात नंतर कॉड्रॉन विमानं आली, तीही कुरकुरत.

३० जुलै १९१५. मर्झ आणि बर्न नासिरियाहून बसऱ्याकडे परतताना इंजिन बिघडून वाळवंटात उतरले. स्थानिक अरबांशी चकमक झाली आणि दोघेही मारले गेले. देह कधीच सापडले नाहीत. हा मर्झ शिक्षणानं डॉक्टर होता, आदल्या दिवसांत नासिरियाला जखमींवर उपचारही करत होता. लढाईत मेलेला ऑस्ट्रेलियाचा पहिला लष्करी वैमानिक तो. मला तरी या सगळ्यांत त्याच्याबद्दल फार वाटतं. हात डॉक्टरचे, आणि गेला कुठल्या वाळूत.

सप्टेंबरमध्ये ट्रेलोर कैद झाला. नोव्हेंबरमध्ये व्हाइट आणि त्याचा निरीक्षक यीट्स-ब्राउन बगदादजवळच्या तारायंत्राच्या तारा उडवायला गेले. उतरताना विमान तारेच्या खांबालाच धडकलं. तरी तारा उडवल्या, मग पकडले गेले. व्हाइट १९१८ मध्ये कॉन्स्टँटिनोपलहून निसटून जहाजात लपून ओडेसाला पोचला आणि पुढं ऑस्ट्रेलियाचा मंत्रीही झाला. म्हणजे चार अधिकाऱ्यांतला पीटर एकटा उरला. वेढा आवळायच्या आत तोही विमान घेऊन कूतमधून बाहेर पडला. मागं राहिलेल्या मेकॅनिकांत नऊ ऑस्ट्रेलियन होते. तुमच्या पणजोबांबरोबर त्याच गल्ल्यांत.

आणि जातं. घाटावरचा, तुमच्या आजीला माझा नमस्कार सांगा. जात्याचे दगड खरंच पडले होते, विमानातून, पॅराशूटला बांधून. गावातल्या घरांमध्ये लपवलेलं धान्य जानेवारीत बाहेर निघालं होतं, पण तेरा-चौदा हजार तोंडांचं दळण दळायला साधन पुरत नव्हतं. म्हणून बाहेरच्या फौजेनं दगड धाडले. ३० नंबर स्क्वॉड्रनची ही विमानं, आणि हाफ फ्लाइट तोवर याच स्क्वॉड्रनमध्ये विलीन झाली होती. पुढं एप्रिल १९१६ मध्ये तर पिठाची पोतीच टाकायला लागले. काही तैग्रिस नदीत, काही तुर्कांच्या खंदकात. या फेऱ्या मारणाऱ्यांत पीटर होता. वेढ्यातल्या फौजेला विमानानं रसद पोचवायचा जगातला हा पहिला मोठा प्रयत्न धरतात. रोजची गरज मात्र भागली नाही. २९ एप्रिलला कूत पडलं.

शंकासुर, वजनाचं म्हणाल तर वैमानिकाबरोबरचा निरीक्षक खाली ठेवायचा. एका माणसाइतकं वजन मोकळं होतं.

घाटावरचा

काका, काय लिहू कळत नाही. आजीला फोनवर वाचून दाखवलं. ती एवढंच म्हणाली, ‘मग मी काय खोटं सांगत हुते?’ चुलत्यांना आजच कळवतो. पण तो रसलान मुकादम? आणि पलटण कशी शोधू?

जुने कागद

रसलान हा माणूस नव्हे हो, गाव आहे. रास अल-ऐन. बगदाद रेल्वेचं काम तेव्हा तिथवर आलं होतं. आज ते सीरिया-तुर्कस्तानच्या सरहद्दीवर आहे. कूतच्या हिंदी कैद्यांना उन्हातून चालवत नेलं आणि त्यातल्या पुष्कळांना तिथं रुळाच्या कामाला जुंपलं. ऑस्ट्रेलियन मेकॅनिकांच्या वाट्यालाही कैदेत तेच रेल्वेचं काम आलं. त्या नऊ जणांपैकी सात कैदेतच मेले. यावरून तुमचे पणजोबा परत आले ही केवढी गोष्ट आहे ते बघा.

पलटण. कूतमध्ये अडकलेली मुख्य फौज म्हणजे जनरल टाउनशेंडची ६ वी पूना डिव्हिजन. तिच्या तीन ब्रिगेडमध्ये मिळून तीन मराठा पलटणी होत्या : १०३, ११० आणि ११७. सातारा, कोल्हापूर, रत्नागिरीकडची पोरं यांत भरलेली. तेव्हा तुमचं उत्तर या तिघांत असण्याची शक्यता मोठी.

आता ते देवघरातलं पदक. पूजेच्या ताम्हणातून बाहेर काढा आणि कडेवर बघा, चेहऱ्यावर नाही, जाडीवर. शिपायाचा नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण तिथं कोरलेली असते. शंभर वर्षांचं हळदकुंकू बसलं असेल. कोमट पाणी आणि मऊ कापड, बस. चिंच नको, राख नको, पितांबरी तर अजिबात नको. माझ्या ओळखीच्या एका घरात पदक चकचकीत झालं आणि नाव गुळगुळीत.

नंबर मिळाला की रेड क्रॉसच्या जिनिव्हाच्या संग्रहातले पहिल्या महायुद्धातले कैदी शोधा, ऑनलाइन फुकट आहे. याद्या पलटणवार लावलेल्या आहेत आणि आपल्या नावांची स्पेलिंगं भन्नाट, तेव्हा नावापेक्षा नंबरानं जुळवा. बेळगावला मराठा लाइट इन्फंट्रीच्या सेंटरला पत्र टाका, नंबर आणि पलटण दोन्ही लिहून. नुसतं ‘आमचे पणजोबा सैन्यात होते’ असं लिहिलेली पत्रं त्यांच्याकडे ढिगानं येत असणार. गावात चावडीच्या किंवा शाळेच्या भिंतीत संगमरवरी पाटी आहे का तेही बघा : ‘या गावातून इतके लोक महायुद्धास गेले.’ आपल्या भागात अशा पाट्या बऱ्याच आहेत, बहुतेक चुन्याखाली.

एक बोचणारी गोष्टही सांगून ठेवतो. बसऱ्याच्या स्मारकावर ब्रिटिशांची नावं कोरली. हिंदी अधिकाऱ्यांचीही कोरली. साध्या हिंदी शिपायांचे मात्र पलटणवार आकडे. अमुक पलटणीचे इतके, संपलं. उलट ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय संग्रहात त्या मेकॅनिकांच्या फायली पानन् पान स्कॅन करून ठेवल्यात. एकच वेढा, एकच कैद. आपलं माणूस आपल्यालाच शोधायला लागतं.

गोडा मसाला

एक विचारू? घोड्याचं मांस खायची वेळ आली होती म्हणतात कूतमध्ये. हिंदी शिपाई बरेच दिवस नाही म्हणाले, मग हिंदुस्थानातून धर्मगुरूंची परवानगी मागवली. तुमच्या पणजोबांनी याबद्दल काही सांगितलं होतं का?

घाटावरचा

विचारलं. आजी उठून भांडी घासायला गेली. परत विचारणार नाही.

जुने कागद, पदक पाहिलं. भिंगातून, बॅटरीच्या उजेडात, बायको आणि मी आलटून पालटून. नाव अर्धंच लागतंय, पण ‘११०’ आणि पुढं ‘मराठाज’ हे स्वच्छ आहे. नंबरही चार आकडी, पूर्ण. घाम फुटला वाचताना. जिनिव्हाचा संग्रह आज रात्री उघडतो.

माजी फौजी

राम राम. ११० वाचलं म्हणून लिहितो, नाहीतर मी नुसता वाचणारा. ११० मराठा पुढं तिसरी मराठा झाली आणि १९५२ मध्ये तीच पलटण २ पॅरा, म्हणजे छत्रीधारी पलटण. ११ डिसेंबर १९७१ ला, बांगलादेशच्या युद्धात, टांगाईलवर पॅराशूटनं उतरलेली ती हीच. म्हणजे १९१६ ला ज्यांच्यासाठी वरून जातं आलं, पंचावन्न वर्षांनी ती पलटणच वरून आली. पणजोबांना सॅल्यूट.

शंकासुर

शब्द मागं घेतो. आजोबांच्या वाघाचीही आता चौकशी करतो.

यारा-काठी

घाटावरचा, पुढच्या महिन्यात पॉइंट कुकला जाणार आहे. तिथं हाफ फ्लाइटबद्दल जे मांडलंय त्याचे फोटो काढून टाकतो. आजींना काही विचारायचं असेल तर कळवा.

घाटावरचा

आजीचे दोन प्रश्न आहेत, जसेच्या तसे देतो. ‘वरचा आन् खालचा दोन्ही दगड टाकले का येकच? आन् टाकी कुणी लावली त्याला? नव्या दगडाला टाकी लावल्याबिगर पीठ पडत नाय.’