पेतायावेसीचं चर्च क्रूसाकार का?

फिनलंडमधल्या पेतायावेसीच्या जुन्या लुथरन चर्चचा आराखडा निव्वळ क्रूसाचं प्रतीक म्हणून तसा आहे, असं एक म्हणणं आहे. अर्धंच पटतं. १७६३ ते ६५ मध्ये याको लेप्पानेन या सुताराने ते पाइनच्या ओंडक्यांत उभारलं. ओंडक्याची लांबी झाडापुरतीच, त्यामुळे लांब सरळ भिंत म्हणजे जोड आला आणि जोडापाशी भिंत बाहेर फुगायची भीती. चार भुजा काढल्या की भिंतींचे तुकडे आखूड होतात आणि खाचा मारून अडकवलेला प्रत्येक कोपरा आधार देतो. ओंडक्यांच्या बांधकामात आणखी एक काळजी घ्यावी लागते: ओंडके वाळताना भिंत दर मीटर उंचीला काही सेंटीमीटर खाली बसते, म्हणून खिडक्या-दारांच्या चौकटींवर फट ठेवावीच लागते. ती राहिली नाही तर भिंतीचं ओझं चौकटीवर येतं.

आणि १८७९ मध्ये नवं चर्च झाल्यावर हे ओस पडलं, ते एका परीने बरंच झालं, कारण मग त्यात फारसे बदल झाले नाहीत. तापवण्याची सोय नाही, आतल्या लाकडाला रंग नाही. प्रवचनाचं पीठ खांद्यावर पेललेला संत ख्रिस्तोफरचा ओबडधोबड पुतळाही जागच्या जागी आहे! घंटाघर मात्र नंतरचं, १८२१ चं, लेप्पानेनच्या नातवाने बांधलेलं.